खालून हॉर्न वाजला

गारगोटीहून आम्ही कोल्हापूरच्या कडेला एका नव्या कॉलनीत राहायला आलो, तेव्हा मी अकरावीत होतो. वर्षभर माझ्याशी कुणी धड बोललं नाही. मग राजारामपुरीतल्या क्लासची तीन पोरं भेटली. राधानगरी रोडवर ती बाईक पळवायची आणि पळत्या बाईकच्या मागच्या सीटवर मला उभं करून रील काढायची. का, तर मी वजनानं हलका! आणि मी गाढवासारखा उभा राहायचो.

एकदा समोरून उसाची ट्रॉली आली. थोडक्यात वाचलो. आता मेलो तरी जायचं नाही, असं ठरवलं.

दुसऱ्या दिवशी खालून हॉर्न वाजला.

"मी न्हाय जात," मी आईला म्हणालो.

"असं काय करतोस? दोस्त बोलवाय आल्यात की!" तिनं माझ्या हातात डबा दिला. चौघांना पुरेल एवढा चिवडा होता. सगळं सांगायला मी तोंड उघडलं, पण ती त्या घरात इतकी खूश मला कधीच दिसली नव्हती.

मी खाली जाऊन बाईकवर बसलो. गॅलरीतून तिनं पोरांना ओरडून सांगितलं, "ह्याला रोज नेत जावा रे!"