सुईबाईंच्या गाडीचे पिवळे दिवे

सुईबाई हे काही त्यांचं खरं नाव नव्हे. पण वसाहतीत कुणाला खरं नाव विचारलं तर माणूस जरा डोकं खाजवायचा आणि म्हणायचा, "अहो, त्या आपल्या सुईबाई हो." एका लहानशा लॅबमध्ये त्या कामाला होत्या. तळ्याच्या पलीकडे बरीच म्हातारी माणसं एकेकटी राहत. ज्यांना लॅबपर्यंत येणं झेपत नसे त्यांच्या घरी जायचं, रक्त घ्यायचं, नळ्या बर्फाच्या डब्यात ठेवून लॅबमध्ये आणून द्यायच्या, हे त्यांचं काम. हात इतका हलका, की लोक डोळे घट्ट मिटून "टोचा आता" म्हणायचे आणि त्या म्हणायच्या, "अहो, कापूस धरा, झालं कधीच."

उपाशी पोटी रक्त द्यायचं म्हणजे म्हाताऱ्यांना मोठी शिक्षा. चहा नाही, काही नाही. त्यामुळे उजाडायच्या आत सगळे दाराकडे डोळे लावून बसत. सुईबाईंना पोचायला थोडा उशीर झाला, की कुणी चिडायचं, कुणाला चक्कर यायची. म्हणून त्या कधी उशीर करत नसत.

गाडी त्यांच्या नवऱ्याची. तो गेल्यावर नातेवाइकांनी सांगितलं, विकून टाका, दारात उभी राहून गंजेल. सुईबाईंनी ऐकून घेतलं आणि ड्रायव्हिंग शिकायला नाव घातलं. इतर बायका ज्या वयात गुडघ्यांची गाऱ्हाणी सांगू लागतात, त्या वयात त्या क्लच सोडायला शिकल्या. शिकवणारा पहिले काही दिवस हँडब्रेकवरचा हात काढायला तयार नव्हता. पुढे तोच आपल्या आईचं रक्त तपासायला सुईबाईंनाच बोलवू लागला.

घरात त्या, मुलगी आणि जावई. मुलगी एकुलती एक. आई एकटी पडेल म्हणून लग्नानंतर ती आणि तिचा नवरा इथेच राहायला आले. जावई चष्म्याच्या दुकानात काचा घासायच्या कामाला होता. शांत, किडकिडीत, बोलायच्या आधी दोनदा विचार करणारा. आईवडील लहानपणीच गेले आणि तो काकांच्या घरी वाढला. काका-काकू वाईट नव्हते, पण त्यांच्या घरात तो शेवटपर्यंत "त्याला विचारा, त्याला हवंय का" यातला 'तो' राहिला. कुणी त्याच्यावर हात उगारला नाही, आणि हक्काने कुणी कान धरला नाही.

इथे आल्यावर त्याला वाटलं होतं, आता आपलं घर. पण सुईबाईंच्या मनात जावई म्हणजे जावई. पहिला चहा त्याला. खिडकीजवळची खुर्ची त्याची. नवा टॉवेल आला की आधी त्याच्या हातात. तो ताट उचलायला लागला, की त्या धावत यायच्या, "अहो जावईबापू, राहू द्या, तुम्ही कशाला?" तो परत खाली बसायचा. मुलगी हसून म्हणायची, "तुमचं दोघांचं नातं म्हणजे दोन्ही बाजूंनी इस्त्री केलेला कपडा. बसायला गेलं की चुरगळेल म्हणून कुणी बसतच नाही."

त्या वर्षी थंडी लवकर पडली आणि तळ्यावरून धुकं यायला लागलं. रस्ता तळ्याच्या काठाकाठाने जाणारा, कठडा कुठे आहे तर कुठे नाही. मोठे दिवे लावले की समोर नुसतं पांढरं, जसं काही दुधाच्या पातेल्यात डोकं घातलंय. लहान दिव्यांनीही फारसा फरक पडत नसे. एका सकाळी सुईबाईंची गाडी हळूच डावीकडे सरकली आणि पुढचं चाक चरात गेलं. फार काही झालं नाही. बर्फाचा डबा मांडीवर घेऊन त्या हॉर्न वाजवत बसून राहिल्या. मग वाळूचा ट्रक आला, ट्रकवाल्याने दोर लावून गाडी ओढून काढली. घरी येऊन त्यांनी गाडी धुतली आणि कुणाला काही बोलल्या नाहीत. मुलीने ऐकलं असतं तर ती म्हणाली असती, काम सोड.

पण जावयाची नजर पडायची ती बारीक गोष्टींवरच. पुढच्या बंपरच्या खाली गवताची काडी अडकलेली त्याला दिसली. आठवड्याने दुकानातून येताना एक खोकं घेऊन आला आणि जेवणाच्या टेबलावर ठेवलं.

"हे काय?" सुईबाईंनी विचारलं.

"फॉग लाइट. पिवळ्या काचेचे. गाडीला लावायला."

"अहो, कशाला उगीच? मी जाते ना सावकाश."

"सावकाश जाऊनही चरात जाता येतं," तो म्हणाला, आणि लगेच पाण्याचा ग्लास उचलून पिऊ लागला, जणू आपण काही बोललोच नाही.

सुईबाईंनी मुलीकडे पाहिलं. तिचं लक्ष मोबाइलमध्ये होतं. त्यांनी गुपचूप खोकं उचलून कपाटावर ठेवलं आणि विषय तिथेच थांबला.

जावयाने चौकशी केली, तर गॅरेजवाला गावाला गेलेला. परत कधी येणार, त्याच्या शेजाऱ्यालाही ठाऊक नव्हतं. धुकं काही त्याच्यासाठी थांबणार नव्हतं. रविवारी मुलगी हॉटेलच्या रिसेप्शनवर ड्यूटीला गेली आणि सुईबाई अंगणात आल्या तर जावई गाडीचं बॉनेट उघडून उभा. शेजारी कपडा पसरून त्याने आपली हत्यारं मांडली होती. चष्म्याचे स्क्रू पिळायचे ते पेचकस, चिमणीच्या चोचीएवढे.

"याने गाडी उघडणार तुम्ही?" सुईबाईंना हसू आवरेना. त्या आत गेल्या आणि नवऱ्याची जड पेटी दोन्ही हातांनी ओढत घेऊन आल्या. "घ्या. पण मी सांगते, हे तुम्ही करू नका. कपडे खराब होतील."

"आई, मी वाचलंय सगळं. खोक्यात कागद आहे."

"मग मी इथेच बसते," म्हणत त्यांनी पाट आणून टाकला.

कागदावर चित्र होतं. बंपरच्या दोन्ही बाजूंची काळी झाकणं काढायची, पट्ट्या बसवायच्या, दिवे त्यावर. दिव्यांची वायर रिले नावाच्या छोट्या डबीपर्यंत, तिथून एक बॅटरीला, एक डॅशबोर्डवरच्या बटणाला. कागदावर सगळं सरळ आणि स्वच्छ होतं. गाडीच्या पोटात तसं काहीच नव्हतं. तेल, धूळ, वाळकी पानं आणि कुठून कुठे गेलेल्या नळ्या. जावयाने बाह्या वर सरकवल्या, पाना घेतला आणि बॅटरीची लाल वायर सोडवायला लागला. पान्याचं दुसरं टोक बाजूच्या पत्र्याला लागलं आणि फट्‌कन ठिणगी उडाली.

"अरे गाढवा, हात काढ आधी!"

पाना खाली पडला. शेजारच्या गॅलरीत कपडे वाळत घालणारी बाईसुद्धा थांबली.

सुईबाईंचा हात तोंडावर गेला. "माफ करा हं, जावईबापू. तोंडातून गेलं. ह्यांचा हात असाच भाजला होता एकदा. बोटातली अंगठी तापली, तो डाग मरेपर्यंत होता. आधी काळी काढायची असते, मग लाल. लावताना उलट. मी घाबरले हो, म्हणून..."

जावई पान्याकडे बघत होता. मग त्याने मान वर केली. त्याचे डोळे ओले होते आणि ओठांवर हसू होतं. सुईबाईंना कळेना, की याला लागलंय की काय.

"आई, ते जावईबापू नको," तो म्हणाला. "गाढवच राहू द्या."

"असं कसं?"

"मला आजवर असं कुणी ओरडलं नाही. काकांकडेसुद्धा नाही. ओरडायला माणूस आपला लागतो ना."

वर्षानुवर्षं लोकांचे हात हातात घेतलेली बाई ती. कुठे दाबलं की दुखतं, हे त्यांना कळायचं. त्या उठल्या, त्याचा हात उलटासुलटा करून नीट तपासला, भाजलं नाही याची खात्री केली आणि हातावर एक चापट मारली.

"आधी काळी. ऐकलंस?"

"हो."

त्यानंतर काम भराभर पुढे सरकलं. इस्त्री मोडली होती. "अरे, तो नट कुठे ठेवलास?" "आई, तुमच्या पाटाखाली बघा." "उजवा आणि डावा उलटा धरलायस तू." "तुम्ही समोरून बघताय म्हणून." दोघंही तेलाने माखले. बाईंच्या नाकावर काळा पट्टा उठला, तो त्याने सांगितला नाही.

खरी अडचण आली ती वायर आत घेताना. इंजिन आणि डॅशबोर्डच्या मधल्या पत्र्यात रबराचं एक बूच असतं, त्याच्यातून वायर न्यायची. ते दिसत नव्हतं. टॉर्च मारून, मान वाकडी करून जावई दमला.

"सरक," सुईबाई म्हणाल्या. त्यांनी डोळे मिटले आणि हात आत घातला. बोटं पत्र्यावरून हळूहळू फिरू लागली. "हां. मऊ लागलं. डोळ्यांनी शोधत बसलं की शीर सापडत नाही. जा, तू आत जाऊन खाली वाक."

तो डॅशबोर्डखाली डोकं घालून पडला.

"आली का?"

"काहीतरी टोचतंय कपाळाला."

"टोचायचंच काम आहे माझं. ओढ."

सगळं जोडून झालं. बटण दाबलं तर उजवा दिवा लागला, डावा मेल्यासारखा. बाईंचा चेहरा पडला. जावयाने कागद पुन्हा वाचला, वायर मागे मागे बघत गेला. डाव्या दिव्याची काळी वायर ज्या जागी पत्र्याला आवळली होती, तिथे रंगाचा जाड थर होता, त्यामुळे वीज पुढे जात नव्हती. त्याने काचा घासतात तसा, न घाई करता, पॉलिश पेपरने तेवढाच गोल घासून काढला. खालचा पत्रा चकचकीत झाला. वायर पुन्हा आवळली आणि डावा दिवा पेटला.

दिवस कलल्यावर त्याने गाडी कुंपणाच्या भिंतीसमोर उभी केली. उजेड कुठवर यावा याची खूण म्हणून भिंतीवर चिकटपट्टी लावली आणि दिवे खाली वाकवू लागला. सुईबाई म्हणाल्या, "एवढे खाली? मग लांबचं कसं दिसणार?"

"लांबचं दिसायला नकोच आहे. उजेड वर गेला, की धुकं तो परत आपल्याच डोळ्यांवर फेकतं. हा खालून जाऊ दे, रस्त्याला लागून. कड दिसली म्हणजे झालं."

तेवढ्यात मुलगी ड्यूटीवरून आली. आई आणि नवरा भिंतीसमोर उकिडवे बसलेले, दोघांचे चेहरे काळे, आणि आई म्हणतेय, "अरे, अजून जरा डावीकडे घे." ती फाटकातच थांबली. मग तिने काही न विचारता आत जाऊन चहा टाकला.

पुढे दोन सकाळी आकाश स्वच्छ होतं. तिसऱ्या दिवशी धुकं असं उतरलं, की अंगणातून फाटक दिसेना. सुईबाई निघाल्या. मोठे दिवे बंद, लहान चालू, आणि खाली ते दोन पिवळे. रस्ता फार पुढचा दिसत नव्हता, पण जो दिसत होता तो अगदी नीट. डांबराची कड, खडी, चर, चराशेजारचं ओलं गवत. त्या गवताच्या पट्टीवरून नजर न हलवता चालल्या होत्या.

तळ्याच्या वळणावर त्या पट्टीत दोन पाय दिसले. एका पायात चप्पल, दुसरा अनवाणी.

त्यांनी ब्रेक दाबला आणि खाली उतरल्या. रस्त्याच्या कडेला, निम्मा चरात, एक म्हातारा बसला होता. त्यांचाच पेशंट, निवृत्त पोस्टमास्तर. मधुमेहाचा. अंगाला दरदरून घाम, हात थरथरत होते.

"इथे काय करताय तुम्ही?"

"तुम्ही येताय की नाही कळेना. धुकं फार." त्यांचे शब्द अडखळत होते. "म्हटलं, आपणच पुढे जाऊन थांबावं. तुम्हाला तेवढंच कमी अंतर."

सुईबाईंनी बोट टोचून साखर पाहिली. फार खाली गेली होती. त्यांनी पिशवीतून साखरेची पुडी काढली.

"नको, नको," पोस्टमास्तर म्हणाले. "उपाशी पोटीची तपासणी आहे आज."

"तपासणी गेली चुलीत. तोंड उघडा."

साखर जिभेवर विरघळली. थोड्या वेळाने हातांची थरथर थांबली आणि माणूस माणसात आला. बाईंनी त्यांना गाडीत बसवलं, अंगावर आपली शाल टाकली. चप्पल शोधून आणली. तेवढ्यात मागून एक ट्रक आला, धुक्यातून घरघरत, चराच्या अगदी काठाने निघून गेला. दोघंही तो गेला त्या दिशेला बघत राहिले.

"तुम्हाला मी दिसलो कसा?" पोस्टमास्तरांनी विचारलं.

"माझ्या मुलाने दिवे लावून दिलेत," सुईबाई म्हणाल्या.

"तुम्हाला तर मुलगी ना?"

"मुलगीही आहे," त्या म्हणाल्या आणि गाडी सुरू केली.

त्या सकाळी बाकीच्या घरी जायला त्यांना उशीर झाला. कुणी कुरकुरलं, कुणी काळजीने दारात उभं होतं. त्यांनी कुणालाच काही सांगितलं नाही. लॅबमध्ये डबा दिला, घरी आल्या. जावई दुकानात जायच्या तयारीत होता, मुलगी ओट्यापाशी. सुईबाई स्वयंपाकघराच्या दारात टेकल्या आणि सगळं सांगितलं, पाय दिसले तिथपासून ट्रक गेला तिथपर्यंत. मग, आजवर लपवलेलं, आपली गाडी चरात गेली होती तेही सांगितलं. मुलगी रागावली, मग आईच्या गळ्यात पडली. जावई बुटाची नाडी बांधत नुसता ऐकत होता.

आपल्या घरांत आभार मानायची पद्धत नाही, आणि सुईबाईंना ते जमलंही नसतं. त्या त्याच्याजवळ गेल्या. काय बोलावं ते सुचेना, म्हणून त्याची कॉलर उगीचच सरळ केली.

"बरं झालं तू आहेस," एवढंच म्हणाल्या.

तो वर बघेना. नाडी बांधून झाली होती तरी तो वाकूनच राहिला.

पोस्टमास्तर आता धुकं असलं की घरातच थांबतात. सुईबाई अजून कामावर जातात. परतल्यावर गाडी चिखलाने भरलेली असते, ती त्या दर रविवारी धुतात. पण दिवे तेवढे रोज स्वच्छ असतात, कारण संध्याकाळी दुकानातून आल्यावर जावई आधी अंगणात थांबतो, खिशातून चष्मा पुसायचं मऊ फडकं काढतो आणि दोन्ही पिवळ्या काचा पुसून मगच घरात येतो. आतून आवाज येतो, "अरे, चहा निवतोय." तो म्हणतो, "आलो आई," आणि आपला चहा आपणच गाळून घेतो.