बारा परस खाली

केजच्या स्टँडवर मला सोडायला आबा आले नाहीत. माय आली. आबा घरातूनच एवढं म्हणाले, "पुण्याचं पाणी लागू दिऊ नगं." म्हणजे बदलू नको, शेफारू नको. गावात चार दिवसांनी टँकर येत होता, घशाला कोरड पडलेली, आणि हा माणूस मला पाणी लागायची भीती घालत होता. एसटी हलेपर्यंत मायलेकी त्यावर हसत होतो. हलल्यावर मी मांजरसुंब्यापर्यंत रडले.

आबा विहिरी खोदायचे. धारूरच्या डोंगरापासून लिंबागणेशपर्यंत त्यांच्या हातच्या विहिरी आहेत. खोली ते फुटात सांगत नसत, परसात सांगत. एक परस म्हणजे एक उभा माणूस. उतरताना चप्पल काठावर काढायची, कारण खाली पाणी आहेच असं धरून उतरायचं. पाणी लागलं की पहिली ओंजळ खोदणाऱ्यानं प्यायची आणि मग वर हाक द्यायची. दुष्काळात गावानं सहकारी संस्था काढली आणि सगळ्यांची मिळून एक मोठी विहीर घ्यायचं ठरवलं. तिला सगळे सोसायटीची विहीर म्हणत. जागा आबांनी दाखवली होती. दहा परसांवर कोरडा कातळ, अकरा परसांवरही कोरडा कातळ, आणि तिथं काम थांबलं. कुणी त्यांना वाकडा शब्द बोललं नाही, आणि तेच त्यांच्या मनाला लागलं. त्यानंतर त्यांनी पहारीला हात लावला नाही.

अंबाजोगाईचा सिव्हिलचा डिप्लोमा घेऊन मी गेले ती थेट मेट्रोच्या भुयारी स्थानकावर. गावाकडच्यांनो, तुम्ही विचारता की भर वस्तीत एवढा खड्डा खोदला तर घरं कशी पडली नाहीत. मलाही पहिले सहा महिने तेच कळत नव्हतं. आपण आधी खोदतो आणि मग बांधत वर येतो. इथं उलटं. आधी चारी बाजूंनी हातभर रुंदीचा, पण पार खोल चर घ्यायचा. तो ढासळू नये म्हणून त्यात चिकणमातीचा रबडा भरून ठेवायचा. त्यात लोखंडी सळ्यांचा तीन मजली पिंजरा सोडायचा आणि तळापासून काँक्रीट ओतत यायचं, म्हणजे रबडा आपोआप वर निघतो. अशा भिंती झाल्या की छत टाकायचं. छतावर रस्ता पुन्हा सुरू, रिक्षा, भाजीवाले, मिरवणुका, सगळं चालू. आणि आम्ही त्याच्या पोटात शिरून खालची माती काढत मजल्यामागं मजला उतरायचो. पाया सगळ्यात शेवटी. मी आ वासून बघत राहायचे. माझ्याबरोबर कामाला लागलेली पुण्याची मुलं मोबाइल बघत राहायची.

छत टाकायच्या आधी वरच्या मातीत एक गोल दगडी कडं निघालं. बुजवलेली विहीर. नकाशात तिचा पत्ता नव्हता. समोरच्या दुकानदाराच्या वडिलांनी सांगितलं की अख्खी पेठ तिच्यावर पाणी भरायची, नळ आले आणि तिच्यात राडारोडा पडला. घडीव दगड नंबर टाकून बाजूला ठेवले. मग कामाला वेग आला, आणि नवव्या परसाला, बरोबर त्या विहिरीच्या तळाशी, खडकातून धार फुटली.

मी काय करावं? ओंजळ भरून प्यायले आणि बोंबलले, "पाणी लागलं!" धारूरकडचे दोघे सळईवाले होते, ते तर हात जोडून उभे राहिले. बाकी सगळ्यांची तोंडं पडली. आमचे साहेब म्हणाले, "मॅडम, पाणी लागलं म्हणजे काम थांबलं. आनंद कसला करताय?" दुपारपर्यंत पंप आले आणि ते गोड पाणी गटारात जाऊ लागलं. महिनोन्महिने गेलं. मी रोज बघत होते.

फोनवर आबांचा प्रश्न ठरलेला. "पाणी लागलं का गं?"

"न्हाई आबा. कातळ हाय."

विहीर खोदणाऱ्याच्या लेकीनं पाण्याबद्दल खोटं बोलायचं! पण सांगणार काय होते? अकरा परस जाऊन जे त्यांना मिळालं नाही, ते आम्ही फेकून देतोय म्हणून? तीन वर्षं तेच खोटं चाललं.

स्थानक सुरू झालं तेव्हा मी आबा आणि माय, दोघांना बोलावलं. प्रवेशद्वाराशी आबा थांबले, वाकले आणि चपला काढून हातात घेतल्या. रखवालदार म्हणाला, "आजोबा, घाला की." आबांनी ऐकलं नाही. सरकता जिनाही नको म्हणाले. भिंतीला हात लावत, तोंडानं परस मोजत पायऱ्यांनी उतरले. तिकिटाच्या मजल्यावर जुन्या विहिरीचे दगड भिंतीत गोल बसवलेत, तिथं त्यांनी एकेका सांध्यावरून बोट फिरवलं. फलाटावर पोचल्यावर वर बघितलं. "बारा परस. आन वरून मोटारी चालल्यात?" मग मायला म्हणाले, "बघ, पोरीनं आधी छत घातलंय. लई मोठं काम हाय हे." त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. मला अभिमान वाटायला हवा होता, पण फलाटाच्या टोकाला पंपाची घरघर चालू होती आणि त्यांनी ती ऐकली होती.

"काय वाजतंय ते?"

"पंप हाय, आबा. पाणी लागलं व्हतं. मी खोटं बोलले."

"किती परसाला?"

"नऊ."

"आमी अकरा गेलतो." ते घरघरीकडं वळले. "गोड हाय का?"

"गोड हाय."

"तुला कसं ठावं?"

"पयली ओंजळ मीच पिले."

फरशी धुवायला त्याच पाण्याचा एक नळ काढलाय, तिथं मी त्यांना नेलं. त्यांनी चपला मायच्या हातात दिल्या, ओंजळ भरली, डोळ्यांना लावली आणि उरलेली अनवाणी पायांवर सोडली.

"जाताना म्हणलो व्हतो, पुण्याचं पाणी लागू दिऊ नगं," ते म्हणाले. "लागलं की गं तुला. नवव्या परसाला."

आता गावी गेले की आबा घरी सापडत नाहीत. सोसायटीच्या विहिरीवर असतात. बाराव्या परसाला हात घातलाय. अजून कातळच आहे. फोन मात्र आता मी करते आणि विचारते, पाणी लागलं का? माझं घर कुठं, असं कुणी विचारलं तर मला तो काठ दिसतो आणि काठावर काढून ठेवलेल्या त्यांच्या चपला.