दादाचे रविवार

मनोहरदादा गेल्याचा फोन आला तेव्हा मी हरिशंकरपुरममध्ये भाजी घेत होतो. पिशवी तिथेच विसरलो आणि रिक्षात बसलो. दीड महिना झाला. अजूनही बजेटची काही बातमी ऐकली की वाटतं, दादाला विचारू... मग आठवतं.

दादा माझा आतेभाऊ. ग्वाल्हेरच्या एका हिंदी दैनिकात त्यानं उभी हयात अर्थकारणावर लिहिण्यात घालवली. लिहायचं हिंदीत, पण छापायला देण्याआधी सगळं वहिनींना मराठीतून सांगायचं, हा त्याचा नियम. वहिनी मटार सोलत ऐकायच्या. त्यांनी "म्हणजे काय?" विचारलं आणि दादा अडखळला, की तो लेख त्या दिवशी जायचा नाही. ऑफिसात बोंबाबोंब व्हायची, पण हा हलायचा नाही. आम्ही चिडवायचो, खऱ्या संपादक वहिनीच. तो म्हणायचा, "जे मला हिला मराठीत सांगता येत नाही, ते मलाच कळलेलं नाही."

हा नियम त्यानं एकदाच मोडला. एक बंद गिरणी पुन्हा सुरू होणार असं कुणा बड्या अधिकाऱ्यानं सांगितलं, वहिनी माहेरी होत्या, आणि दादानं घाईघाईत लेख देऊन टाकला. गिरणी काही सुरू झाली नाही. त्याच गिरणीतले दौलतगंजचे पवार, दादाचे शाळेपासूनचे मित्र. त्यांना तेव्हा इंदूरला नोकरी मिळत होती. ते गेले नाहीत, आणि पुढे टोपी बाजारात दुसऱ्याच्या दुकानात उभं राहून त्यांनी दिवस काढले. दादाला ते फार लागलं. दर रविवारी तो पवारांकडे जाऊन बसू लागला. माफी मागायची म्हणून जायचा आणि न मागताच परत यायचा. सोडून दे आता, असं मी किती वेळा म्हटलं असेल. "माझं वाचून थांबला रे तो," एवढंच म्हणायचा.

परवाच्या रविवारी मी पवारांकडे गेलो आणि दादाच्या वतीनं माफी मागितली.

"इंदूरला तर मी त्या लेखाच्या पहलेच ना करून दिली होती," ते म्हणाले. "आईची तबियत खराब होती. तिला सोडून कुठे जाणार?"

मला संताप आला. वीस वर्षं माझा भाऊ आतल्या आत झुरला, आणि यांना एक वाक्य बोलवलं नाही? तसं मी तोंडावर विचारलंही.

"पहिल्याच रविवारी सांगणार होतो," पवार खाली बघत म्हणाले. "मग वाटलं, सांगून दिलं तर पुढच्या रविवारी हा कशाला येईल..."

ओट्यावर त्यांच्याशेजारी वेताचा दुसरा मुढा मांडलेला होता. मी अजून उभाच होतो. मला त्यावर बसवेना, आणि तिथून निघवेनाही.