ओल्या गोणपाटातली गारगोटी

उन्हाळ्यात आम्ही विहीर खोल करायला घेतली. सुरुंग उडाल्यावर कातळात एक पोकळी उघडली आणि तिच्यातून मुठीएवढी हिरवट गारगोटी निघाली. अशी गारगोटी काढणाऱ्याची, हा आमच्याकडचा रिवाज. त्यामुळे विहीर खोदणाऱ्या गड्याने ती सदऱ्याच्या खिशात टाकली, आणि अर्ध्या तासात वर येऊन माझ्या हातात ठेवली. हा दगड खिशात असला की ओढलेली बिडी पुन्हा अख्खी होते, म्हणाला. तीनदा पेटवली, तीनदा नवीकोरी झाली. उन्हात डोकं तापलं असेल म्हणून मी त्याला ताक दिलं आणि दगड स्वयंपाकाच्या ओट्यावर नेऊन ठेवला.

संध्याकाळी भेंडी चिरली. कढईत टाकताना एक चकती ताटलीत राहिली. मीठ घ्यायला वळले आणि बघते तर चकतीच्या जागी देठासकट अख्खी भेंडी. पुन्हा चिरली, पुन्हा एक चकती राहिली, पुन्हा अख्खी भेंडी. कढईतल्या चकत्या मात्र होत्या तशाच. तिसऱ्यांदा मी चिडून नवऱ्याच्या नावाने ओरडले, कारण असल्या खोड्या तोच करतो. तो गोठ्यातून धावत आला, हाताला दूध लागलेलं. मग माझी नजर गारगोटीकडे गेली आणि गड्याची बिडी आठवली. तो बघत उभा राहिला आणि मी तिथेच, हातात सुरी घेऊन, नाचले.

मी शहरात, गंगापूर रोडच्या कॉलनीत वाढलेली, कारकुनाची मुलगी. लग्न होऊन या फुलांच्या मळ्यात आले त्याला वीस वर्षं झाली, पण माझा उतावळेपणा काही गेला नाही. चार दिवसांत मी गारगोटीचा सगळा स्वभाव शोधून काढला. वीतभर अंतरात जे असेल ते ती मागच्या काळात नेते. जितका वेळ ठेवाल तितकं मागे. आणि प्रत्येक वेळी ती स्वतः कापरासारखी थोडी थोडी विरते. सासूबाईंनी तिला फुलांसारखं ओल्या गोणपाटात गुंडाळलं, तेव्हा ती गप्प झाली. लय खेळू नका, एवढंच त्या म्हणाल्या.

आम्ही खेळलोच. गार झालेला चहा वाफाळला, करपलेली भाकरी पांढरी झाली, फुटलेला कप जोडला गेला, माझ्या बोटावरचा सुरीचा काप नाहीसा झाला. रोज सकाळी मी लहान मुलीसारखी उठायचे, आज काय मागे न्यायचं या विचाराने. गणपती उठले तोवर मुठीएवढी गारगोटी सुपारीएवढी उरली होती.

आता सासूबाईंच्या झेंडूबद्दल सांगायला हवं. नांदगावकडच्या माहेराहून त्यांनी ते बी पदरात बांधून आणलं होतं. विटेच्या रंगाचं घट्ट फूल, तिसऱ्या दिवशीही तजेलदार. फुलबाजारात गिऱ्हाईक ते नाव न घेता, 'त्या आजींचा झेंडू' म्हणून मागतं. त्यांच्या माहेरी आता कुणी शेती करत नाही, म्हणजे ते बी जगात फक्त आमच्याकडे. दरवर्षी त्या निवडक फुलांचं बी धरायच्या आणि त्यातलं मूठभर डब्यात वेगळं ठेवायच्या, पीक गेलंच तर असावं म्हणून. यंदा विहिरीला पाणी लागल्याच्या आनंदात मी वाफे वाढवले आणि न विचारता डब्यातलं बीही टाकून मोकळी झाले.

दसरा तीन आठवड्यांवर होता, झाडं कळ्यांनी लगडली होती. बांधावर तणनाशक मारून फवारणीचा पंप तसाच ठेवलेला होता, अर्धा भरलेला. दुसऱ्या दिवशी मी घाईघाईत त्यातच कीडनाशक ओतलं, वर पाणी भरलं आणि सगळ्या झेंडूवर फवारलं. आठवड्यात झाडं पिवळी पडली, दहाव्या दिवशी वाळून गेली. नवरा दुकानदाराला शिव्या देत राहिला, औषधच बोगस म्हणून. मला पंप आठवला. मी कुणाला काही बोलले नाही. खूप घाबरले होते आणि त्याहून जास्त लाज वाटत होती.

त्या सकाळी सासूबाई वाफ्यांतून या टोकापासून त्या टोकापर्यंत चालल्या. मग एका वाळक्या झाडाशी बसल्या आणि मला गारगोटी आणायला सांगितलं. मी पळतच गेले.

त्यांनी गारगोटी बुंध्याशी ठेवली. आधी पानं पिवळी, मग हिरवी. फांद्या ताठ झाल्या, कळ्या भरल्या. मी गोणपाट पुढे केलं.

"आई, झाड जगलं. झाकू का?"

त्यांनी माझं मनगट धरलं. "थांब. एकट्या झाडाचं बी पोचट निघतं. अजून मागं जाऊ दे."

कळ्या आत गेल्या, झाड उतरत उतरत बोटाएवढं रोप झालं. सासूबाईंनी ते मातीतून अलगद उचललं आणि गारगोटीसकट तळहातावर घेतलं. गारगोटी आता तुरीच्या दाण्याएवढी. मध्येच संपली तर हातात एक कोवळं रोप राहणार होतं, बस. दोन पानं उरली, मग तीही मिटली. तळहातावर एक बी राहिलं, काळं, पांढऱ्या शेंडीचं. मग भेंडीच्या चकतीचं झालं तेच झालं. बियाला बी चिकटलं, त्याला आणखी, भोवती वाळकं आवरण चढलं आणि गेल्या वर्षीचं अख्खं सुकं फूल त्यांच्या हातात आलं.

"आता," त्या म्हणाल्या. मी ओलं गोणपाट टाकलं.

उघडलं तेव्हा गारगोटीचा मागमूसही नव्हता. सासूबाईंच्या बोटावरचा श्रावणातला विळ्याचा वणही गेला होता. त्यांनी फूल चोळलं आणि ओंजळ बियांनी काळी झाली. मी रडले, हसले, वाफ्यातच फतकल मारून बसले. नवरा बांधावरून विचारत होता, काय झालं, काय झालं. सासूबाई शांतपणे बी पदराला बांधत होत्या. गाठ मारून झाल्यावर, त्याला ऐकू जाणार नाही एवढ्या हळू, त्या मला म्हणाल्या, "पंप धुऊन ठेव. तीन पाण्यानं."

म्हणजे त्यांना पहिल्या दिवसापासून माहीत होतं. मी उठले, विहिरीवर गेले आणि पंप चार पाण्यांनी धुतला.