खिद्रापुरात तोडलेली सोयरीक

आमच्या लग्नाला पंचवीस वर्षं झाली म्हणून बंगळूरच्या लेकीनं आम्हाला एक दिवस भेट दिला. साडी नाही, मोबाईल नाही, दिवस. तिनं तिकडं बसून फोनवरच एक सहल ठरवली होती. खास दोघांसाठी गाडी, खास दोघांसाठी गाईड आणि प्राचीन भग्नावशेषांचं दर्शन. मला वाटलं, हंपी. निघालं खिद्रापूर.

खिद्रापूर आमच्याच जिल्ह्यात, कोल्हापुरातून दीड-दोन तासांवर, कृष्णेच्या काठी. तिथलं कोपेश्वराचं देऊळ बघायला परदेशातून माणसं येतात. आम्ही कोल्हापूरकर ते 'कधीतरी जाऊ की' म्हणून आयुष्यभर शिल्लक ठेवतो.

आमच्या ह्यांना गाईड हा थेट अपमान वाटला. उद्यमनगरात ह्यांचं लेथ मशीनचं वर्कशॉप आहे. जिल्ह्यातल्या निम्म्या गाड्यांत आपण कातलेला एखादा तरी भाग असतो, अशी ह्यांची श्रद्धा. "आपल्याच जिल्ह्यात आपल्यालाच वाट दाखवाय माणूस?" ते लेकीला फोनवर म्हणाले. "उद्या न्हाणीत जायला गाईड लावशील!" एवढं बोलून झाल्यावर ठरल्या दिवशी सकाळी इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून, सेंट मारून, माझ्याआधी अर्धा तास दारात कोण उभं होतं, ते सांगायला नको.

गाडीचा मालक आणि ड्रायव्हर एकच. तिशी-पस्तिशीचा, बडबड्या, पण धंद्याला पक्का. त्यानं सांगितलं की गाईड कुरुंदवाडात चढतील.

कुरुंदवाडच्या स्टँडजवळ ते उभे होते. साठी ओलांडलेले, काटकुळे, गळ्यात स्वतःच लॅमिनेट करून आणलेलं ओळखपत्र, काखेत ही जाड फाईल. शाळेत चित्रकला शिकवून निवृत्त झालेले, म्हणून सगळे त्यांना सरच म्हणत. पुढच्या सीटवर बसून ते मागं वळले आणि प्रार्थनेच्या आधी मुलांपुढं बोलावं तशा आवाजात म्हणाले, "सुप्रभात. आज आपण सुमारे नऊशे वर्षं मागे जाणार आहोत."

"जाऊ की," आमचे हे म्हणाले. "पण आधी सांगा, कुठलं पावणं तुम्ही?"

झालं. इथंच सहल संपली.

आमच्याकडं दोन अनोळखी माणसं समोरासमोर आली की हवापाण्यावर बोलत नाहीत. आधी आडनाव, मग मूळ गाव, मग आईचं माहेर, मग बहिणी कुठं दिल्यात. विहिरीत गळ टाकावा तसे दोघं एकमेकांत गळ टाकून बसतात, आणि नातं वर आल्याशिवाय गळ काढत नाहीत. आमच्या ह्यांना या कामी सरासरी पाच मिनिटं लागतात. त्या दिवशी तीन लागली. ह्यांची आत्या शिरोळच्या ज्या घरात दिली, त्याच घरात सरांच्या बायकोची बहीण दिलेली. दोघी सख्ख्या जावा!

"आत्ता गं बया! म्हंजे तुम्ही आमच्या साडूच्या घरचं पावणं की!" सर ओरडले. नऊशे वर्षं मागं नेणारी ती शुद्ध भाषा खिडकीतून बाहेर पडली. पाठोपाठ सरांनी गळ्यातलं ओळखपत्र काढून खिशात घातलं. बरोबरच आहे, पाहुण्यांसमोर कुणी गळ्यात पाटी घालून बसतं का? मग घरी फोन. "अगं, भाकरी टाक. शिरोळच्या वयनीचा भाचा आलाय, जोडीनं."

"आता च्या घेतल्याबिगर पुढं न्हाई," सर म्हणाले. गाडी टपरीपाशी थांबली. दोघं पाहुणे हातात हात घालून उतरले आणि कोण वारलं, कोणाचं जमलं, कोणी ऊस लावला यात बुडून गेले. फाईल माझ्या मांडीवर राहिली होती. मी ती उघडली.

देवळाच्या पायथ्याला दगडी हत्तींची रांग आहे, तिच्या पाठीवर सगळं देऊळ उभं आहे. सरांनी त्यातला एकेक हत्ती एकेका पानावर काढला होता. बहुतेकांच्या सोंडा तुटलेल्या. प्रत्येक चित्रात तुटलेली सोंड आहे तशी काळ्या पेन्सिलनं, आणि कधीकाळी असेल तशी बारीक ठिपक्यांनी. पुढं खांब, कोनाडे, छत. काही पानांच्या कोपऱ्यात पुसून पुन्हा लिहिलेलं: 'हे पाहुण्यांना नक्की दाखवणे.'

"बघितलंसा?" ड्रायव्हर चहाचा कप देत म्हणाला. "मानूस सोन्यासारखा हाय, वैनी. पन माझ्या कामाचा न्हाई. ह्याच्या आधी तीन पार्ट्या दिल्या. तिन्ही पावणं निघाल्या. सर घरी घेऊन जात्यात, बासुंदी वरपाय लावत्यात, दोनपारी झोपाय गादी टाकत्यात. एका पार्टीनं मोबाईलवर काय लिवलं म्हायत्याय? 'जेवण उत्तम. मंदिर बघायचं राहिलं.'"

"मग?"

"मग काय. आजचा शेवटचा चान्स, असं कालच सांगितलंय त्यास्नी. रातभर झोपलं नसतील. आन बघा की, पहिल्या तीन मिन्टांत गेली विकेट." त्यानं टपरीकडं हनुवटी केली. तिथं सर आमच्या ह्यांना दुसरा चहा पाजत होते.

देवळात पोचलो. मला वाटलं, दगड बघून तरी सरांमधला गाईड जागा होईल. पण आमचे हे पुढं, सर मागं. ह्यांनी दारातच दोन्ही हात कमरेवर ठेवून जाहीर केलं, "हे पांडवांनी बांधलंय. एका रात्रीत."

सरांच्या घशात काहीतरी हललं. देऊळ बांधणारे शिलाहार राजे हलले असतील, यादव हलले असतील. पण साडूच्या घरच्या पाहुण्याला चारचौघांत 'चूक' कसं म्हणायचं? "असंल की, पावणं," सर म्हणाले.

"आणि हे हत्ती म्हंजे त्यांचंच. इथं बांधत हुते."

"असंल की."

'असंल की' म्हणताना सर माझ्याकडं बघत नव्हते, फाटकाकडं बघत होते. फाटकाला टेकून ड्रायव्हर उभा होता. त्यानं मोबाईल काढला आणि कोणाचा तरी नंबर शोधायला लागला. दुसऱ्या गाईडचा, हे सरांनाही कळलं आणि मलाही.

आम्ही स्वर्गमंडपात आलो. खांबांच्या गोल रिंगणात, वर छत नाही, छताच्या जागी गोल आभाळ. आमचे हे खाली मधल्या गोल शिळेवर उभे राहून म्हणाले, "छत पडलेलं दिसतंय."

छत पडलेलं नाही. ते मुद्दामच उघडं ठेवलंय, त्याचं एक सबंध पान मी फाईलीत नुकतंच वाचलं होतं. सरांनी तोंड उघडलं, मिटलं आणि म्हणाले, "अस..."

"थांबा!" मी म्हणाले. शाळेतल्या गॅदरिंगनंतर इतका मोठा आवाज मी कधी काढला नव्हता, आणि मंडपानं तो फारच सुरेख घुमवला. "मला आत्ता आठवलं. अहो, शिरोळच्या आत्याच्या लेकीचं लग्न. मामंजींना फेटा बांधला नव्हता!"

दोघंही माझ्याकडं वळले.

"सगळ्यांना बांधला," मी पुढं रेटलं, "आणि मुलीच्या सख्ख्या मामाला विसरले. मामंजी न जेवता उठून आले. तेव्हापासून त्या घराशी आपलं बोलणं नाही. आणि तुम्ही इथं त्यांच्या साडूबरोबर चहा पिताय!"

यातलं एक अक्षर खरं नव्हतं. त्या लग्नात मामंजी तीन वेळा जिलबी घेऊन झोपी गेले होते. मला भीती होती ती आमच्या ह्यांची, आत्ता 'असं कधी झालं गं?' विचारतील. पण कोल्हापूरच्या माणसाला मानपानाचा तंटा आयता दिला आणि त्यानं तो परत केला, असं कधी झालंय? ह्यांच्या डोळ्यांत हळूहळू तो न घडलेला अपमान उभा राहिला.

"व्हय की!" हे गरजले. "फेटा! आबा उपाशी आलते घरी. आईनं दूध-भाकरी दिली. भगवा फेटा हुता, मला रंग आठवतोय!"

न बांधलेल्या फेट्याचा रंगही ह्यांना आठवला.

सरांनी माझ्याकडं पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग खिशातून फोन काढून जरा बाजूला गेले. "भाकरी ऱ्हाऊ दे," एवढंच ऐकू आलं, आणि मग थोड्या वेळानं, "व्हय, म्हायत्याय मला. कुत्र्यास्नी नको घालू, मी येतो."

परत आले तेव्हा ओळखपत्र गळ्यात होतं.

"आपला गैरसमज दूर करतो," ते आमच्या ह्यांना म्हणाले, आणि भाषा पुन्हा इस्त्री केलेली. "छत पडलेले नाही. पांडवांचा याच्याशी काडीइतकाही संबंध नाही. आणि पायथ्याचे हत्ती बांधायचे नसून देऊळ तोलायचे आहेत. या बाजूला या."

त्यानंतर दोन तास तो माणूस थांबला नाही. कोपेश्वर म्हणजे रागावलेले शंकर, हे मी ऐकून होते. सरांनी ते सांगितलं आमच्याच जिल्ह्यात काल घडल्यासारखं. सासऱ्यानं यज्ञ घातला आणि जावयाला आवतण दिलं नाही. लेक नंदीवर बसून तशीच गेली, माहेरी अपमान झाला, तिनं यज्ञात उडी घेतली. जावई असा पेटला की त्याला थंड करायला विष्णूला यावं लागलं. म्हणून गाभाऱ्यात दोघंही आहेत, आणि नंदी नाही.

"आवतण न्हाई म्हंजे काय!" आमचे हे पुटपुटले. "बरोबर पेटला." पण सरांशी बोलायचं नव्हतं. तंट्याची मर्यादा असते. म्हणून ते मला म्हणाले, "त्यास्नी विचार, नंदी कुठाय मग?"

मी विचारलं. सर एका हाताच्या अंतरावर होते.

"त्यांना सांगा, नदीपलीकडे यडूरला आहे. कर्नाटकात."

असा तो दौरा चालला. ह्यांचा प्रश्न माझ्यातून जायचा, सरांचं उत्तर माझ्यातून यायचं. मी मधे नुसती टेलिफोन एक्सचेंज. हे तीन खांबांपर्यंत टिकलं. चौथ्या खांबाशी आमचे हे खाली बसले आणि डोळे मिटून दगडावरून बोटं फिरवायला लागले. गोल कंगोऱ्यावर कंगोरे, काळा दगड आरशासारखा.

"हे लेथवर झालंय," ते थेट सरांना म्हणाले.

"अभ्यासकांत मतभेद आहेत. काहींच्या मते फिरवून कातले, काहींच्या मते छिन्नीने."

"अभ्यासक गेले खड्ड्यात. इथं बोट लावा. टूल लागलेली रेघ सारखी गोल फिरती का नाही? छिन्नी असली तर ती तुटती."

सर फाईल उघडून गुडघ्यावर बसले. त्याच खांबाचं पान होतं, आणि त्या रेघाही त्यांनी काढलेल्या होत्या. "मला हे कोणी सांगितलंच नाही," ते म्हणाले. "वीस वर्षं मी ही रेघ नुसती काढतोय." मग दोघं त्या खांबाभोवती गुडघ्यांवर अख्खी फेरी मारून आले. ड्रायव्हर फाटकापासून चालत आत आला आणि मोबाईल खिशात घालून ऐकत उभा राहिला.

निघताना हे चपला शोधायला पुढं गेले, तेव्हा मी सरांना हळूच म्हणाले, "सर, ते फेट्याचं... तसं काही झालं नव्हतं."

"ठाऊक आहे," सर म्हणाले. "त्या लग्नात फेटे मीच बांधत होतो. तुमच्या सासऱ्यांचा दोनदा बांधला. पहिल्यावर ते झोपले होते."

"मग बोलला का नाहीत?"

"बोललो असतो तर पाहुणा झालो असतो, ताई."

कुरुंदवाडात सर उतरले. त्यांच्या गल्लीच्या तोंडाशीच गाडी थांबली होती. सरांनी आम्हाला घराकडं बोट दाखवलं नाही, 'या' म्हणाले नाहीत. ओठ आवळून नुसता नमस्कार केला. नऊशे वर्षांचं देऊळ तोलणाऱ्या त्या हत्तींनाही इतकं जड गेलं नसेल.

ड्रायव्हरनं काच खाली केली. "सर, रविवारी तयार ऱ्हावा. पार्टी हाय. तुम्हीच यायचं."

सरांचा चेहरा उजळला. "कुठली मंडळी?"

"गारगोटीकडची."

"गारगोटी? अरे, गारगोटीला तर माझ्या थोरल्या मावशीच्या..."

ड्रायव्हरनं काच वर केली आणि गाडी काढली.