शक्यतेचं यंत्र आणि तगरीच्या दोन कळ्या

महाडच्या कॉलेजात शेवटच्या वर्षाला असताना मी वार्षिक अंकासाठी एक गोष्ट लिहिली होती. गोष्टीतल्या मुलीला डबीएवढं एक यंत्र सापडतं. त्याची चकती फिरवली की घडू पाहणाऱ्या गोष्टीची शक्यता कमी-जास्त होते. चुकणारी एसटी थांबते, नापास होणारी मैत्रीण पास होते. संख्याशास्त्राच्या सरांनी ती वाचून मला बोलावलं. म्हणाले, "यंत्र छान आहे. पण चकती कुठल्या बाजूला फिरवायची हे तुझ्या मुलीला नेहमी बरोबर कसं कळतं?" आमच्या घरात माझ्याआधी कोणी दहावीच्या पुढे गेलं नव्हतं. सरांनी मला परीक्षेपुरतं नाही, समजेपर्यंत शिकवलं. त्यांचे उपकार मी विसरणार नाही. त्यांचा हा प्रश्न मात्र मी तेव्हा हसून सोडून दिला.

आता मी बिरवाडीला खोली घेऊन राहते आणि जवळच्या एका कारखान्याच्या प्रयोगशाळेत काम करते. आमची वाडी पोलादपूरच्या वर डोंगरात आहे, वीस-बावीस घरांची. बाबा तिथल्या देवीचे गुरव. एका पावसाळ्यात घरांमागच्या उताराला भेगा पडल्या. तालुक्याहून माणसं आली, भेगांच्या कडेने चुना टाकला आणि पुढच्या पावसाळ्याचे चार महिने खाली रस्त्यालगत पत्र्याच्या शेडमध्ये राहा म्हणून सांगून गेली. उन्हाळ्यात मी सुट्टी घेऊन घरी गेले तेव्हा एका भेगेत माझा हात कोपरापर्यंत गेला. त्या दिवसापासून मला जेवण गोड लागेना.

वाडीने ठरवलं, खाली जायचं की नाही याचा कौल लावायचा. आमच्याकडे गुरव देवीच्या दोन्ही खांद्यांवर पाण्याने एकेक कळी चिकटवतो आणि प्रश्न विचारतो. देवीच्या उजव्या खांद्यावरची आधी पडली तर होय, डाव्या खांद्यावरची पडली तर नाही.

म्हणजे निम्मी शक्यता. आईबाबांचा जीव त्या निम्म्यावर ठेवायला माझं मन तयार होईना. कळ्या खुडायचं काम आमच्या घरचं, ते मी मागून घेतलं. परसातल्या तगरीची एक टपोरी कळी घेतली आणि तिच्या देठाला खोबरेल चोळलं, म्हणजे पाणी तिला धरून ठेवणार नाही. दुसरी घेतली बारीक आणि कोरडी. तेलाची कळी थाळीत देवीच्या उजव्या खांद्याच्या बाजूला येईल अशी ठेवली आणि थाळी बाबांच्या हातात दिली.

गाभाऱ्यात बायका जात नाहीत. बाहेरून बाबांची पाठ तेवढी दिसते. त्यांनी मोठ्याने विचारलं, "आये, पावसापुरती वाडी खाली न्यावी काय?" थोड्या वेळाने ते रिवाजाप्रमाणे बाजूला सरकले, सगळ्यांना दिसावं म्हणून. देवीच्या उजव्या खांद्यावर बारीक कळी जशीच्या तशी होती. डावा खांदा मोकळा होता, म्हणजे नाही.

"बघ गो," शेजारची काकी मला म्हणाली, "तुझ्या कंपनीत डोंगर पन तपासतात काय? आमच्याकडं ही तपासते."

दुपारी मी बाबांना जमेल तितक्या सहज आवाजात विचारलं, "आत थाळी नेल्यावर काय करता?"

"काय करनार? देवीम्होरं ठेवतो आनि फिरवतो. आपली बाजू तिच्याकडं, तिची आपल्याकडं. मग उचलतो."

लहानपणापासून मी त्या दारात उभी राहत आले होते आणि हे मला ठाऊक नव्हतं. मी त्यांना सगळं सांगितलं, तेलासकट. आई तांदूळ निवडायची थांबली. बाबा रागावतील असं वाटलं होतं. ते हसले.

"म्हंजी तुझ्याकडनं करून घेतलंन तिनं."

"बाबा, मी तेल लावलं."

"हा. पन कुठल्या बाजूला पडलं? तिला पायजे त्या."

मी म्हटलं, निदान तुम्ही दोघं तरी माझ्याबरोबर बिरवाडीला चला. ते म्हणाले, "गुरव कौल लावनार आनि गुरवच पळनार, असं नसतं गो," आणि गोठ्याकडे गेले.

पुढचे दोन दिवस मी घरातून अंगणात आणि अंगणातून भेगेकडे नुसती फिरत होते. वळीव एकदा येऊन गेला आणि चुन्याची खूण पुसट झाली. वाडीतली माणसं खुशाल घरं शाकारत होती. ती थांबणार होती माझ्या हातामुळे आणि मला मात्र सोमवारी कामावर जायचं होतं. शेवटी रविवारी सकाळी देवळासमोर माणसं जमली होती, तिथे मी उभी राहून सांगितलं. बाबांना आधी विचारलं नाही. विचारलं असतं तर माझी जीभ उचललीच नसती.

बाबा पायाच्या अंगठ्याकडे बघत होते. मग काकीच म्हणाली, "म्हंजी कौल झालाच नाय."

"झालाच नाय," दोघातिघांनी री ओढली. "परत लावा."

"आनि कळ्या मी खुडनार," काकी माझ्याकडे बघून म्हणाली. "शिकलेल्यांनी लांब उभं ऱ्हावा."

मी लांब उभी राहिले. या वेळी कळ्या सारख्या होत्या, कोरड्या होत्या आणि शक्यता खरोखर निम्मी होती. बाबांनी तोच प्रश्न विचारला. बराच वेळ त्यांची पाठ हलली नाही. मी मनात आकडे मोजत होते आणि चुकत होते. डावी पडली तर मला पुन्हा तोंड उघडायची सोय नव्हती.

बाबा वळले. बाजूला सरकले नाहीत, दारातूनच थेट बाहेर आले. उजवी मूठ मिटलेली होती.

"उजवा," ते म्हणाले. "चला, आवरा."

रिवाज सोडला म्हणून कोणी तरी विचारेल असं मला वाटलं. काकी बाबांच्या मुठीकडे बघत राहिली आणि मग म्हशीचं दावं सोडायला गेली. सगळे उठले. बाबा मागे फिरले, गाभाऱ्यात जाऊन त्यांनी देवीचे दोन्ही खांदे ओल्या फडक्याने पुसले आणि दार ओढून घेतलं.

चार दिवसांत वाडी खाली गेली. मी सुट्टी वाढवून घेतली होती. आमची धान्याची पत्र्याची पेटी बाबा आणि मी दोघांनी धरून पायवाटेने उतरवली. मधल्या वळणावर दम घ्यायला थांबलो, आजूबाजूला कोणी नव्हतं.

"बाबा, कळी दाखवली नाहीत."

त्यांनी खांद्यावरचा टॉवेल काढून तोंड पुसलं.

"तुझ्या बाजूला जड झालीय काय? मग बदलूया."

मी त्यांच्या बाजूला गेले, ते माझ्या बाजूला आले आणि आम्ही पेटी उचलली.