लॉर्डसाहेबांचे चरित्रकार

"आज आमचे लॉर्डसाहेब पार्लमेंटात निवडून आले बरं का!" लायब्ररीच्या दारातूनच काका सांगायचे. लॉर्डसाहेब जाऊन शंभरावर वर्षं झाली होती, पण काकांच्या वहीत त्यांनी नुकतंच तिशीत पाऊल टाकलं होतं.

मी ओहायोतल्या डब्लिनच्या लायब्ररीत काम करते. निवृत्त इंजिनियर असलेले हे काका रोज खिडकीजवळ बसून एका इंग्रज उमरावाचं चरित्र मराठीत लिहीत. असा छंदिष्ट माणूस तुमच्याही ओळखीत असेल.

"हाच माणूस का, काका?"

"अगं, त्याच्या नावाच्या शाळेत शिकलो मी. इतकं तरी देणं लागतोच ना त्याचं!"

हे लॉर्डसाहेब मंत्री होते, हिंदुस्थानचा कारभार लंडनहून बघायचे. त्यांच्या पत्रांचे स्कॅन मीच इंग्लंडहून मागवून दिले. त्यांतलं एक दुष्काळातलं निघालं. उपाशी गावांची यादी जोडून कलेक्टरनं धान्य मागितलं होतं आणि समासात साहेबांनी स्वतःच्या हातानं लिहिलं होतं, 'गरज नाही.'

काकांनी ते दोनदा वाचलं, वही मिटली आणि निघून गेले.

त्यानंतर दोन आठवडे ते आले नाहीत. फोनही बंद. काकू गेल्यापासून घरात एकटेच. ते पत्र मीच हातात दिलं होतं, त्यामुळे माझा जीव थाऱ्यावर नव्हता. शेवटी शनिवारी त्यांच्या घरी गेले.

बेल वाजवली. दार उघडलं. दाढी वाढलेली, बोटांना शाई, पण काका धडधाकट!

"काय टेन्शन दिलंत, काका!" मला रडूच फुटलं.

"अगं वेडे, मधलं प्रकरण रिराइट करत होतो. फोन मुद्दाम ऑफ केला होता."

"वाईट वाटलं ना?"

"खूप. दोन दिवस जेवण गेलं नाही. मग म्हटलं, त्यांच्या चुका झाकायच्या असतील तर चरित्र कशाला, आरतीच लिहावी!" आणि मोठ्यानं हसले. "चहा घेशील?"

तसा गोड चहा मी पुन्हा प्यायले नाही.

पुस्तक पुरं झालं. मुलगी त्यांना आपल्या घरी, मॉरिसव्हिलला न्यायला आली, तेव्हा निघण्याआधी ते लायब्ररीत थांबले. त्या दुष्काळाच्या प्रकरणाच्या आरंभी त्यांनी कलेक्टरच्या यादीतली सगळी गावं लिहिली होती. खिडकीशी उभं राहून त्यांनी ती मला हजेरी घेतल्यासारखी, एकेक करून वाचून दाखवली. मग कागद नीट पिशवीत ठेवले, चष्मा पुसला आणि मुलीला म्हणाले, "चल, ड्राइव्ह लांबचा आहे."